१९५०-६० च्या दशकांत अमेरिकेत फ्लोरिडा, हवाईच्या टुरिझम फिल्म शाळांत, क्लबांत फुकट दाखवायचे म्हणे, मग पैसे कोण भरायचं?

ज्यांना गिऱ्हाईक हवं ते भरायचे, दुसरं कोण. म्हणजे विमान कंपन्या (पॅन अ‍ॅमच्या तर ढीगभर आहेत), राज्य सरकारं, नाहीतर ज्या बागेची फिल्म, थेट तिचा मालक. १६ एमएमच्या (म्हणजे शाळेतल्या छोट्या प्रोजेक्टरवर चालणाऱ्या) प्रिंट फुकट फिरवायच्या, शाळेचा तास भरला, नव्या टीव्ही स्टेशनांनाही वेळ भरायचाच होता, सगळे खूश. जाहिरातच ती, फक्त लांबलचक. इंटरनेट आर्काइव्ह या फुकट साइटवर प्रेलिंगर कलेक्शन नावाचा जुन्या फिल्मचा संग्रह आहे, त्यात भरपूर सापडतील, मी रात्री एक लावतो आणि चार बघून उठतो.

माझं आवडतं ठिकाण म्हणजे फ्लोरिडातलं सायप्रस गार्डन्स, टुरिस्टांसाठीची मोठी बाग. डिक पोप नावाच्या माणसाने १९३६ मध्ये उघडलं, आणि हा गडी पब्लिसिटीत एकदम वस्ताद. १९४० मध्ये कडाक्याची थंडी पडली आणि फाटकावरचा फुललेला वेल करपला, तर त्याच्या बायकोने, ज्युलीने, पोरींना जुन्या काळचे घेरदार झगे घालून त्या वेलापुढे उभं केलं, कोणाला करपलेलं दिसायला नको म्हणून! लोकांना पोरीच आवडल्या आणि तीच बागेची ओळख झाली. पुढे १९५३ च्या एका हॉलीवूड पिक्चरसाठी तर फ्लोरिडाच्या नकाशाच्या आकाराचा स्विमिंग पूल बांधला.

आता करपलेला वेल लपवला ते ठीक, गंमत आहे. पण सिल्व्हर स्प्रिंग्जच्या, म्हणजे फ्लोरिडातल्याच झऱ्यांच्या टुरिस्ट ठिकाणाच्या, फिल्म बघाल तर काचेच्या तळाच्या बोटी, खाली निळंशार पाणी, मासे, बोट चालवणारा बऱ्याचदा काळा आणि बसलेले सगळे गोरे. काळ्या लोकांना तिथे टुरिस्ट म्हणून प्रवेशच नव्हता. त्यांच्यासाठी त्याच मालकांनी १९४९ मध्ये त्याच नदीवर थोडं खाली पॅराडाइज पार्क काढलं, ते १९६९ पर्यंत चाललं. पाणी तेच, बोटी तशाच. मी बघितलेल्या एकाही फिल्ममध्ये त्याचं नाव नाही, आणि निवेदक इतका गोड बोलतो ना की आपल्यालाही प्रश्न पडत नाही, म्हणून एकदा आवाज बंद करून बघा.

सायप्रस गार्डन्सच्या जागी २०११ पासून लेगोलँड हे थीम पार्क आहे. जुनी बाग आत जपलीये, १९३९ मध्ये बादलीतून आणून लावलेलं वडाचं रोप आता अवाढव्य झालंय. आई आली होती तेव्हा राइड्सकडे ढुंकून बघितलं नाही तिने, वडाखाली उभी राहून म्हणे, आधी सांगितलं असतंस तर दोरा आणला असता.