वाचकांचे प्रश्न : ‘सून’मधील अभिनेत्री कोण?

प्रश्न : आमच्या गावच्या उत्सवी नाटकांत मी अनेक वर्षे भूमिका करते. अलीकडे ‘सून’ हा जुना तुर्कमेन चित्रपट पाहिला. त्यातील नायिका फारच थोडे बोलते, तरी तिच्यावरून नजर हलत नाही. ही अभिनेत्री कोण, आणि तिचे नंतरचे चित्रपट का आढळत नाहीत?
– एक वाचक, फोंडा

उत्तर : आपण विचारता त्या अभिनेत्री म्हणजे माया-गोझेल आयमेदोवा. त्यांचा जन्म १९४१ सालचा. मॉस्कोच्या ‘गिटिस’ या नाट्यशिक्षण संस्थेत त्यांचे शिक्षण झाले आणि पुढे तुर्कमेनिस्तानची राजधानी अश्गाबात येथील रंगभूमीवर त्यांनी काम केले. शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोहोचवण्याची सवय रंगभूमी लावते, हे उत्सवी नाटक करणाऱ्या आपल्याला वेगळे सांगायला नको. त्या सवयीला पूर्ण मुरड घालून १९७२ च्या ‘सून’मध्ये त्यांनी जे केले, ते मला फार मोलाचे वाटते.

काराकुम वाळवंटात ओगुलकेयिक ही तरुणी वृद्ध सासऱ्यासोबत राहते, मेंढ्या राखते आणि दुसऱ्या महायुद्धावरून न परतलेल्या पतीची वाट पाहते. कथानक जवळजवळ एवढेच. दुःख सांगायला लांब संवाद नाहीत आणि धाय मोकलून रडण्याचा प्रसंगही या भूमिकेचा आधार नाही. रोजची कामे करताना तिची नजर क्षणभर रेंगाळते आणि पुन्हा हातातल्या कामाकडे वळते, त्या एवढ्याशा अवधीत तिची सारी आशा दिसून जाते. दिग्दर्शक खोजाकुली नार्लीयेव हे मुळात छायालेखक होते. बुलात मन्सूरोव यांच्या १९६३ च्या ‘स्पर्धा’ या चित्रपटाचे छायाचित्रण त्यांचेच. चेहऱ्याजवळ थांबण्याचा धीर त्यांच्या कॅमेऱ्यात होता, आणि तो धीर सार्थ ठरवणारी अभिनेत्री त्यांना घरातच लाभली, कारण आयमेदोवा त्यांच्या पत्नी.

पुढे या दोघांनी ‘स्त्री घोड्यावर खोगीर चढवते तेव्हा’ (१९७४) आणि ‘जमाल वृक्ष’ (१९८०) हे चित्रपट केले. १९९० चा ‘मानकुर्त’ मात्र आवर्जून पाहावा. किर्गिझ लेखक चिंगीझ ऐतमातोव यांच्या कादंबरीतील आख्यायिकेवर तो आधारलेला आहे : शत्रूच्या छळाने स्मृती गमावलेला मुलगा, त्याला शोधत आलेली आई, आणि तिला न ओळखता त्याने तिच्यावर सोडलेला बाण. आईची भूमिका आयमेदोवा यांची आहे.

नंतरचे चित्रपट न आढळण्याचे कारण त्यांच्या अभिनयात शोधू नये. मोजकेच चित्रपट निघणाऱ्या गोव्यात राहून आपल्याला हे सहज कळेल की लहान भाषेचा चित्रपट निर्मितीच्या आधारावाचून उभा राहत नाही. ‘तुर्कमेनफिल्म’ हा स्टुडिओ सोव्हिएत व्यवस्थेच्या पैशावर चालत असे. १९९१ मध्ये ती व्यवस्था कोसळली. पुढे स्वतंत्र तुर्कमेनिस्तानचे राष्ट्राध्यक्ष नियाझोव यांच्या कारकिर्दीत चित्रपटनिर्मिती जवळजवळ थांबली आणि २००१ मध्ये ऑपेरा व बॅलेही बंद करण्यात आले. ज्या वयात अभिनेत्रीला प्रौढ, पक्व भूमिका मिळायच्या, त्या वयात त्यांच्या देशात त्या लिहिल्या जाण्याची सोयच उरली नव्हती.