जादूची झाडं आणि तुमचे प्रश्न

मागच्या अंकात विचारलं होतं की तुमच्या डोक्यातल्या काल्पनिक राज्यात कुठली जादुई झाडं उगवतात, आणि लिहिताना कुठे अडतं. पत्रं भरपूर आली, त्यातली निवडक घेतोय.

प्रश्न: मी बारावीत आहे, फॅन्टसी कादंबरी लिहितोय (अभ्यास पण चालू आहे). माझ्या राज्यात एक निळं फूल आहे, शंभर वर्षांनी एकदाच फुलतं आणि कुठलाही आजार बरा करतं. मित्र वाचून म्हणाला लय बोअर. काय चुकतंय?
– एक वाचक, नाशिक

उत्तर: मित्राशी भांडू नकोस, त्याचं थोडं बरोबर आहे. फूल फुललं, हिरोने तोडलं, राजकन्या बरी झाली, विषय संपला, मग बाकीच्या राज्याला काय फरक पडला? मिझोरामचा बांबू बघ. साधारण ४८ वर्षांनी डोंगरच्या डोंगर एकदम फुलतात, फळं धरतात आणि मग तो सगळा बांबू मरतो, त्याला तिकडे मौताम म्हणतात. खाली फळांचा नुसता खच पडतो, उंदीर ती खाऊन बेसुमार वाढतात, आणि फळं संपली की शेतात घुसून उभं भात फस्त करतात. १९५९ला असाच दुष्काळ पडला. तेव्हा तो भाग आसामचा एक जिल्हा होता, पुरेशी मदत मिळाली नाही म्हणून लोक भडकले, आणि दुष्काळात मदत करायला जी संघटना निघाली होती तीच १९६१मध्ये मिझो नॅशनल फ्रंट झाली. मग १९६६चं सशस्त्र बंड, १९८६चा करार, १९८७ला वेगळं राज्य! हे सगळं एकट्या बांबूने केलं असं कोणी म्हणणार नाही, पण ठिणगी तिथेच पडली.

आता तुझं फूल घे. ९९व्या वर्षी राज्यात काय चाललेलं असेल? मागचा बहर पाहिलेलं कोणी जिवंतच नाही, म्हणजे ‘यंदा फुलणार’ हे सांगणाऱ्या म्हातारीवर विश्वास कोण ठेवणार, धान्य साठवून कोण ठेवणार, डोंगराची जमीन आधीच कोण लाटणार? कादंबरी तिथे आहे बघ. आणि ते ‘कुठलाही आजार’ आधी काढ, एकच आजार ठेव, तोही श्रीमंतांना न होणारा ठेवलास तर अजून मजा.

प्रश्न: आमचा डी अँड डीचा (डंजन्स अँड ड्रॅगन्स, टेबलाभोवती बसून कल्पनेतली साहसं खेळायचा गेम) ग्रुप आहे, डंजन मास्टर, म्हणजे गोष्ट चालवणारी, मी. दुर्मिळ मुळी ठेवली रे ठेवली की एक जण हटकून विचारतो, ‘एवढी महाग आहे तर लोक तिची शेती का नाही करत?’ काय उत्तर देऊ?
– डंजन मास्टर ताई, पुणे

उत्तर: ताई, तो पोरगा पुढे व्यापारी होणार. त्याला सिल्फियम सांगा. आजच्या लिबियात सायरीनी नावाचं ग्रीक शहर होतं, त्याच्या आसपास ही वनस्पती रानात यायची, मसाला म्हणून, औषध म्हणून एवढी खपायची की शहराने नाण्यांवर तिचं चित्र छापलं. पण लावून ती काही येईना. तोड आणि चराई चालूच राहिली आणि रोमन लेखक प्लिनी लिहितो की त्याच्या हयातीत जेमतेम एक काडी सापडली, ती नीरो बादशहाला पाठवली. मग रोमन लोकांनी पर्याय म्हणून काय वापरलं? इराणकडचा हिंग! म्हणजे आपल्या वरणाच्या फोडणीत पडतो तो एकेकाळी तिकडे ‘खऱ्या’च्या जागी येणारा स्वस्त माल होता. तुमच्या गेममध्येही मुळीला असा डुप्लिकेट ठेवा, खेळणाऱ्यांना बाजारात ओळखायला लावा.

प्रश्न: माणूस खाणारं झाड दाखवलं तर पोरकट वाटेल का?
– एक वाचक, कोल्हापूर

उत्तर: वाटेल. त्यापेक्षा कैद करून सोडून देणारं दाखवा. आपल्या सह्याद्रीत पावसाळ्यात कंदीलपुष्प फुलतं, काही ठिकाणी खरचुडी म्हणतात, गुराखी त्याचे कंद खातात. फूल उभ्या नळीसारखं, वर पाकळ्यांची टोकं जुळलेली, हुबेहूब कंदील. वासाला भुलून बारीकशी माशी आत उतरते, आतली भिंत गुळगुळीत, त्यात केस खाली वळलेले, म्हणजे आत जाता येतं, वर येता येत नाही. ती आत धडपडत राहते, तिच्या तोंडाला परागाच्या पिशव्या चिकटतात, मग केस सुकतात, फूल कलतं आणि माशी सुटते. सुटून शहाणी होत नाही, पुढच्या कंदिलात जाते!! या माशीच्या जागी तुमचा सरदार टाकून बघा.

प्रश्न: माझ्या कथेतला मांत्रिक हत्ताजोडी वापरतो, दोन हात जोडल्यासारखी दिसणारी दुर्मिळ मुळी. नेटवर विकायला दिसली, संदर्भासाठी एक मागवू का?
– एक वाचिका, ठाणे

उत्तर: अजिबात मागवू नका. मुळी म्हणून जे विकलं जातं ते बहुतेक वेळा नर घोरपडीचं वाळवलेलं जननेंद्रिय असतं. खरंच. त्यासाठी घोरपडी मारल्या जातात, आणि घोरपड वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहे, त्यामुळे विकणाऱ्यासोबत घेणाराही जेलमध्ये जाऊ शकतो. फोटो बघून लिहा. आणि मांत्रिकाला ही गोष्ट माहीत आहे की तोही फसलाय, हे मात्र लिहायला बसायच्या आधी ठरवा.