व्हीसीडीएस घ्यावं की ओबीडीइलेव्हन?

प्रश्न : माझ्याकडे तिसऱ्या पिढीची स्कोडा ऑक्टाव्हिया आहे. लॉक करताना बीप वाजावी एवढंच हवंय. गाडीच्या कॉम्प्युटरमधल्या सेटिंग बदलणाऱ्या व्हीसीडीएस आणि ओबीडीइलेव्हनपैकी कोणतं साधन घेऊ? स्वस्त ईएलएम ३२७ (गाडीच्या डायग्नोस्टिक सॉकेटला लावायचा ॲडॉप्टर) चालेल का?

उत्तर : ईएलएम ३२७ एरर कोड वाचायला ठीक, या गाडीच्या कोडिंगसाठी (सेटिंग बदलण्यासाठी) त्याच्या नादी लागू नका.

दोन-चार बदलच करायचे असतील तर ओबीडीइलेव्हन पुरे. फोनवर चालतं, तयार बदल क्रेडिट (ॲपमध्ये विकत घ्यायचे पॉइंट) मोजून एका टॅपवर होतात. मात्र पहिल्या पिढीचा डोंगल (गाडीला लावायचं उपकरण) आयफोनला चालत नाही.

व्हीसीडीएसला विंडोज लॅपटॉप लागतो, केबलही महाग. ३ किंवा १० गाड्यांच्या मर्यादेच्या केबल मिळतात. पण बिघाड शोधायचा असेल तर आमचं मत त्याच्याच बाजूने. नकली केबल घेऊ नका, अपडेट करताच ती बंद पडू शकते.

बीपसाठी आधी ऑटो-स्कॅन (सगळ्या मॉड्यूलची तपासणी) करून फाइल जपून ठेवा. मग ०९ मॉड्यूल (गाडीच्या विजेचं नियंत्रण करणारा भाग) उघडा, सिक्युरिटी ॲक्सेसमध्ये ३१३४७ हा कोड टाका, ॲडाप्टेशनमध्ये (सेटिंगच्या यादीत) ‘अकौस्टिशे रुकमेल्डुंग ग्लोबाल’ (नाव जर्मनच दिसतं; अर्थ, आवाजाने पोच) ॲक्टिव्ह करा. आधीची सेटिंग लिहून ठेवा, एका वेळी एकच बदल करा. हे करताना इग्निशन चालू, इंजिन बंद असल्याने बॅटरी उतरते. व्होल्टेज फार घसरलं तर मॉड्यूल मध्येच संपर्क तोडू शकतं. म्हणून चार्जर जोडा.

चौथ्या पिढीच्या ऑक्टाव्हियात एसएफडी हे कंपनीचं सॉफ्टवेअर कुलूप आहे. तिथे ते उघडल्याशिवाय बरेच बदल होत नाहीत.