प्रश्न वाचकांचे : बैठकीत गप्प, जिन्यात बोलकी

प्रश्न : मी अकरा जणांच्या गटाचा प्रमुख आहे. वर्षभरापूर्वी दोन विभाग एकत्र केले गेले आणि तेव्हापासून गटात सगळ्या तऱ्हेची माणसं आली. निवृत्तीला दोन-तीन वर्षं उरलेले दोघे आहेत, नुकतंच शिक्षण संपवून आलेली तिघं आहेत, दोघींची मातृभाषा वेगळी आहे, एक जण कुबड्या घेऊन चालतो. मी सगळ्यांना अगदी सारखं वागवतो. तरी बैठकीत ठरावीक चौघंच बोलतात. बाकीचे माना डोलावतात आणि नंतर जिन्यात उभे राहून कुजबुजतात. जुन्यांपैकी एक जण परवा मला म्हणाला, "हल्ली तोंड उघडायची चोरी झाली आहे." वेगवेगळ्या माणसांबरोबर कसं वागावं याचं सगळ्यांना एक सक्तीचं प्रशिक्षण द्यावं असं मनात आहे. त्याने फरक पडेल का?

उत्तर : तुमचं पत्र मी तीनदा वाचलं आणि तिन्ही वेळा 'सारखं वागवतो' या शब्दांपाशी अडखळले. मीही एके काळी हेच म्हणत असे, आणि अगदी मनापासून म्हणत असे.

मी तेव्हा एका कंपनीच्या मनुष्यबळ विभागाची नवी प्रमुख होते. आमच्यात एक तरुण होता. त्याला ऐकायला कमी यायचं. कानाला यंत्र होतं, पण बरंचसं तो समोरच्याच्या ओठांवरून समजून घ्यायचा. कागदपत्रं तपासण्यात त्याचा हात धरणारं कोणी नव्हतं. बैठकीत मात्र चकार शब्द नाही. वर्षअखेरीला मी त्याच्या मूल्यमापनात लिहिलं, 'पुढाकार घेत नाही.' त्याने वाचलं, सही केली, दारापर्यंत गेला आणि परत वळला. म्हणाला, "मॅडम, तुम्ही खिडकीकडे पाठ करून बसता. तुमचा चेहरा मला नुसता काळा दिसतो."

त्या संध्याकाळी सगळे गेल्यावर मी त्याच्या खुर्चीत जाऊन बसले आणि एका सहकारी बाईंना माझ्या जागी बसवलं. मागून उन्हाची तिरीप येत होती. त्यांच्या केसांची कड तेवढी चमकत होती, बाकी तोंडाच्या जागी सावली. त्या बोलत होत्या, पण ओठ हलताहेत एवढंही मला कळत नव्हतं. वर्षभर मी दर सोमवारी त्या मुलाला अशा सावलीशी बोलायला लावत होते आणि वर त्याच्या स्वभावावर शेरा मारला होता.

तो शेरा मी दुसऱ्याच दिवशी खोडला, तशी लेखी नोंद केली आणि त्याची माफी मागितली. टेबल फिरवलं. एका वेळी एकानेच बोलायचं, बोलण्याआधी हात वर करायचा, म्हणजे कोणाकडे पाहायचं ते त्याला कळेल, असं ठरवलं. विषय आदल्या दिवशी लिहून सगळ्यांना द्यायला लागलो. महिन्याभरात तो बोलायला लागला, ते अपेक्षितच होतं. पण त्याच्याबरोबर आणखी दोघी बोलायला लागल्या. त्यांतली एक घरी वेगळी भाषा बोलणारी होती. तिने मला सांगितलं, "पूर्वी मनात वाक्य जुळवेपर्यंत विषय पुढे गेलेला असायचा. आता रात्रीच जुळवून ठेवते." एकासाठी केलेली सोय तिघांच्या कामी आली होती.

म्हणून सांगते, तुमचे ते सातजण कसे आहेत हे शोधण्याआधी तुमची बैठक कशी आहे ते पाहा. पुढच्या तीन बैठकांत एक कागद जवळ ठेवा. कोण किती वेळा बोललं, कोणाचं वाक्य मध्येच तोडलं गेलं, कोणाची सूचना दहा मिनिटांनी दुसऱ्याच्या तोंडून आली आणि त्याच्या नावावर जमा झाली, याच्या नुसत्या रेघा मारा. तो कागद कोणाला दाखवू नका. तिसऱ्या बैठकीनंतर एकटे बसून पाहा. चौघंच बोलतात हे तुम्हाला माहीत आहेच, पण त्या चौघांना बोलायला कोण वाव देतं, तेही दिसेल. बहुतेक वेळा तो प्रमुखच असतो, आणि त्याच्या ते गावीही नसतं.

मग पद्धत बदला. विषय आदल्या दिवशी द्या. महत्त्वाच्या मुद्द्यावर आधी पाच मिनिटं सगळ्यांनी आपलं मत कागदावर लिहायचं, आणि बोलायची सुरुवात सर्वांत नव्या माणसापासून करायची. ज्येष्ठ आधी बोलले की पुढचे त्यांच्याच मताला दुजोरा देत जातात. तुम्ही स्वतः सर्वांत शेवटी बोला. जिन्यात एखादी गोष्ट ठरलीच, तर ती त्याच दिवशी सगळ्यांना लिहून कळवा. जो जिन्यात नव्हता, त्याला आपण वगळले गेलो असं वाटायला एवढी एक गोष्ट पुरते.

कुबड्या घेऊन चालणाऱ्या सहकाऱ्याला एकट्याला गाठून साधं विचारा : "कामात तुम्हाला काय आडवं येतं?" चारचौघांत विचारू नका आणि मनाने ठरवूनही टाकू नका. आपण उताराची फरशी बसवतो आणि त्याची खरी अडचण असते ती जड, आपोआप बंद होणाऱ्या दाराची. दोन्ही हात कुबड्यांवर असताना ते दार उघडं कसं धरायचं? संयुक्त राष्ट्रांनी २००६ मध्ये स्वीकारलेल्या अपंग व्यक्तींच्या हक्कांच्या करारात तर अशी वाजवी सोय नाकारणं हाच भेदभाव मानला आहे. सगळ्यांना एकच दार ठेवून 'मी भेद करत नाही' असं म्हणता येत नाही, ते यामुळेच.

आता सक्तीच्या प्रशिक्षणाचं. मला त्याचा भरवसा नाही. फ्रँक डॉबिन आणि अलेक्झांड्रा कालेव या समाजशास्त्रज्ञांनी ८०० हून अधिक अमेरिकी कंपन्यांची तीन दशकांची माहिती तपासली आणि २०१६ मध्ये निष्कर्ष मांडले. व्यवस्थापकांना सक्तीचं प्रशिक्षण सुरू केल्यावर पाच वर्षांनीही वरच्या जागांवर वंचित गटांतली माणसं वाढलेली दिसली नाहीत, काही गटांचं प्रमाण तर घटलं. ज्यांनी ज्येष्ठांना नव्यांचा मार्गदर्शक नेमलं, किंवा वेगवेगळ्या विभागांतल्या माणसांवर सगळ्यांना सामावून घेण्याच्या कामाची जबाबदारी टाकली, तिथे फरक पडला. मला हे पटतं. बळजबरीने बसवलेला माणूस घड्याळाकडे पाहत बसतो. तोच माणूस एखाद्या नव्या मुलीचा मार्गदर्शक झाला, की तिची अडचण त्याला स्वतःची वाटायला लागते.

आणि ते जुने सहकारी. त्यांचं वाक्य झटकून टाकू नका, असं मी कळकळीने सांगते. 'चोरी झाली' म्हणणाऱ्या माणसाच्या मनात बहुधा एकच विशिष्ट प्रसंग असतो. निवांत बसून विचारा, "कोणतं वाक्य बोलायचं राहिलं?" मी एकदा असं विचारलं तेव्हा कळलं, की त्या गृहस्थांनी एका मुलीला 'बेटा' म्हटलं होतं आणि तिने तोंड फिरवलं होतं. त्यांना वाटलं आपल्यावर ठपका आला. तिला वाटलं होतं, बरोबरीच्या कामात आपल्याला लहान करतात. दोघांनाही दुसऱ्याच्या मनातलं ठाऊक नव्हतं. पुढे दोघांना एकाच कामावर घातलं, कागदावर दोघांची नावं शेजारी-शेजारी. गॉर्डन ऑलपोर्ट या मानसशास्त्रज्ञांनी १९५४ मध्येच लिहून ठेवलं आहे, की वेगवेगळे गट नुसते एका छताखाली आणून पूर्वग्रह जात नाहीत. त्या कामात दर्जा बरोबरीचा हवा, उद्दिष्ट एक हवं, एकमेकांवाचून अडायला हवं आणि वरच्यांचा त्याला पाठिंबा हवा. तेव्हा 'ताईंना जरा संगणक शिकव' किंवा 'काकांकडून चार गोष्टी शिकून घे' अशा जोड्या लावू नका. त्यात एक जण कायम खालच्या पायरीवर राहतो.

एक आधीच सांगून ठेवते. माणसं बोलायला लागली की तक्रारी वाढतील. तेव्हा घाबरून पुन्हा दारं लावून घेऊ नका. एमी एडमंडसन या संशोधक बाईंनी १९९० च्या दशकात रुग्णालयांतल्या गटांचा अभ्यास केला. चांगल्या गटांत औषधं देण्यातल्या चुका कमी निघतील असा त्यांचा अंदाज होता. नोंदींत चुका जास्त निघाल्या, कारण तिथे चूक बोलून दाखवायला माणसं कचरत नव्हती.

प्रश्न : नऊ जणांच्या तांत्रिक गटात मी एकटीच स्त्री आहे. बैठकीचं इतिवृत्त लिहायचं, निरोप समारंभाची वर्गणी गोळा करायची, हे आपसूक माझ्याकडे येतं. वर काहीही नवीन निघालं की सगळे माझ्याकडे वळून विचारतात, "बायकांना काय वाटेल?" चिडले तर 'हिला लगेच लागतं' असं होईल. काय करू?

उत्तर : तुमचा स्वभाव बदलायची काहीच गरज नाही. हा आकड्यांचा परिणाम आहे. रोझाबेथ मॉस कँटर या समाजशास्त्रज्ञ बाईंनी १९७७ मध्ये एका मोठ्या कंपनीच्या अभ्यासातून दाखवलं, की गटात एखाद्या प्रकारची माणसं अगदीच मोजकी असली की ती माणसं न राहता नमुना होतात. त्यांची चूक सगळ्यांच्या डोळ्यांत भरते आणि त्यांचं मत सगळ्या जमातीचं समजलं जातं.

इतिवृत्ताचं काम पाळीने फिरवायचं, असा प्रस्ताव प्रमुखांकडे लेखी द्या, सोबत नऊ नावांचा तक्ताही जोडा. आयता तक्ता हातात आला की नाही म्हणणं अवघड जातं. वर्गणीचंही तसंच. आणि 'बायकांना काय वाटेल' याला शांतपणे म्हणा, "सगळ्या बायकांचं मला सांगता येणार नाही. या रचनेत भार कुठे पडतो, ते मात्र सांगू शकते." मग कामाचंच बोला. पहिल्या दोन वेळा खोलीत थोडी शांतता पसरेल, ती पसरू द्या. आठांतल्या एकाला आधी विश्वासात घेतलंत तर बरं. तुमचं बोलणं तोडलं गेलं की "थांबा, तिचं पुरं होऊ द्या" एवढंच त्याने म्हणायचं. हे तुम्ही स्वतः म्हणण्यापेक्षा त्याने म्हटलं तर लवकर ऐकलं जातं. हा अन्याय आहे, पण तोवर काम थांबवून चालणार नाही.

प्रश्न : आम्ही मुलाखतीत उमेदवार 'आपल्यात मिसळेल का' हे पाहतो. यात काही गैर आहे का?

उत्तर : आहे. 'आपल्यात मिसळेल' याचा अर्थ पाहता पाहता 'आपल्यासारखा आहे' असा होतो, आणि तो मुलाखतीच्याही आधी होतो. मॅरिअन बर्ट्रांड आणि सेंधिल मुलैनाथन या अर्थशास्त्रज्ञांनी बोस्टन आणि शिकागोमध्ये नोकरीच्या जाहिरातींना उत्तर म्हणून सुमारे ५,००० बनावट अर्ज पाठवले आणि २००४ मध्ये निकाल प्रसिद्ध केले. अर्ज सारख्याच तोलाचे, नावं तेवढी वेगळी. गोऱ्यांची वाटतील अशा नावांना कृष्णवर्णीयांच्या नावांपेक्षा जवळपास ५० टक्के जास्त बोलावणी आली. ते अर्ज चाळणारी सगळीच माणसं मनाने वाईट होती, असं मला वाटत नाही.

पहिल्या चाळणीत नाव, वय आणि फोटो झाकून ठेवा. मुलाखतीत प्रत्येकाला तेच प्रश्न त्याच क्रमाने विचारा. 'मिसळेल का' याऐवजी कामातलं काय हवं ते नेमकं लिहा, जसं की 'मतभेद झाला तर तो समोरासमोर सांगतो का', आणि त्यावर एक प्रश्न ठेवा. प्रत्येक परीक्षकाने आपापले गुण आपल्या कागदावर लिहायचे, आणि सगळ्यांचे लिहून होईपर्यंत उमेदवाराबद्दल आपसात एक शब्द बोलायचा नाही.