आजीचा डबा आणि नातीचा कॅमेरा

इंदूरच्या रामबागेतून एका वडिलांचं पत्र आलंय. मुलगी बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला आहे. फाळणी, दंगली, युद्ध यांतून वाचलेल्या माणसांच्या आठवणींवर तिला डॉक्युमेंटरी करायच्या आहेत. ‘लोकांची दुःखं उकरून काढणं हे काय करिअर झालं? तिला राज्यसेवेच्या अभ्यासाला बसवायचंय, तुम्ही समजवा.’

दादा, तुमच्या चार पानांत राज्यसेवा दोन ओळींची आहे. बाकी सगळी तुमची आई आहे. १९४७ साली नऊ वर्षांच्या असताना त्या कराचीहून बोटीने मुंबईला आल्या, मग इंदूरला. पलंगाखालच्या ट्रंकेत त्या अजून दशम्यांचा डबा ठेवतात, दर चार दिवसांनी जुन्या काढून ताज्या भरतात. ‘आम्ही कधी विचारलं नाही,’ असं तुम्हीच लिहिता. मुलीने विचारलं. आजी भरल्या ताटावरून उठल्या आणि तुम्ही मुलीचा फोन काढून घेतलात.

मला काळजी वाटते ती इथे. तुम्हाला धास्ती मुलीच्या पगाराची नाही, आई काय बोलेल याची आहे. उभा जन्म तुम्ही त्या ट्रंकेला वळसा घालून वावरलात. त्याची किंमत मुलीकडून वसूल करू नका.

गैरसमज मात्र तुमचा आणि तिचा एकच आहे: माणसाला बोलतं करून रडवलं की डॉक्युमेंटरी झाली. कंबोडियाच्या रिथी पान या दिग्दर्शकाने १९७५ ते १९७९ च्या ख्मेर रूज या क्रूर कम्युनिस्ट राजवटीत कोवळ्या वयात आईवडील गमावले. स्वतः पाहिलेल्या गोष्टींचं चित्रीकरण कुठेच नव्हतं, म्हणून त्याने मातीच्या बाहुल्या घडवून घेतल्या आणि त्यांतून ते दिवस उभे केले. त्याआधी त्याच राजवटीच्या एस-२१ या छळ-तुरुंगाच्या जुन्या पहारेकऱ्यांना त्याने त्याच इमारतीत परत नेलं होतं. एकाने रिकाम्या खोलीसमोर आपली रोजची पाळी हातवाऱ्यांसकट करून दाखवली. दार उघडणं, कैद्यांवर खेकसणं, सगळं. हातांना ते पाठ होतं. तुमच्या आईच्या हातांना दशम्या पाठ आहेत.

पदवीनंतर फिल्म शिकायला पुण्याची एफटीआयआय ही फिल्म संस्था, कोलकात्याची सत्यजित राय फिल्म संस्था किंवा दिल्लीचं जामिया विद्यापीठ. तिन्हीकडे प्रवेश परीक्षा आहे. नुसत्या डॉक्युमेंटरीवर सुरुवातीची बरीच वर्षं घर चालत नाही, त्यामुळे तिने संकलन, म्हणजे एडिटिंग, पक्कं शिकावं.

पुढचं तिला वाचायला द्या. बाळ, जेवताना आजीला तो प्रश्न टाकलास, ते चुकलंच. आधी तिची माफी माग. पुढच्या खेपेला कणीक दुधात भिजवायला तू बस, कॅमेरा नको. काही महिन्यांनी विचार, ‘आजी, तुझे हात टिपू का?’ नाही म्हणाली तर विषय तिथेच संपला. तुझी फिल्म आजीपेक्षा मोठी नाही.

आणि दादा, फोन आजच परत द्या.