‘बेंजो’ म्हणजे नेमके कोणते वाद्य?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे : एका मराठी कथेचे इंग्रजीत भाषांतर करताना ‘हळदीला बेंजो सांगितला होता’ हे वाक्य आले, शब्दकोशात पाहिले तर बँजो म्हणजे चामडे मढवलेले, लांब दांडीचे अमेरिकी तंतुवाद्य असे निघाले, आणि रायगडातल्या हळदीत हे वाद्य आले कुठून, हे काही केल्या उमगेना. लेखकाने चुकीचा शब्द वापरला आहे का आणि योग्य शब्द ‘बुलबुल तरंग’ आहे का, असेही तुम्ही विचारले आहे. लेखकाचे चुकलेले नाही. मराठीत या शब्दाचे किमान तीन अर्थ चालतात आणि त्या वाक्यात तर कोणतेच वाद्य अभिप्रेत नाही; तिथे बेंजो म्हणजे वाजवणारी मंडळी. पण हे असे का झाले, ते सांगायला थोडे मागे जावे लागेल.

आधी प्रत्यक्ष वस्तू. मुंबई-ठाणे-रायगडात बेंजोवाला जे वाजवतो, ते एक लांबट, चपटे लाकडी खोके असते. त्यावर तारा लांबीच्या दिशेने ताणलेल्या असतात आणि तारांच्या वर गोल बटणांच्या दोन रांगा असतात. खालच्या रांगेत शुद्ध स्वर, वरच्या रांगेत कोमल-तीव्र, म्हणजे पेटीच्या पांढऱ्या-काळ्या पट्ट्यांसारखीच मांडणी. बटण दाबले की त्याखालची धातूची पट्टी तारेवर टेकते, तार तेवढ्या ठिकाणी आखूड होते आणि स्वर बदलतो. सोडले की स्प्रिंग बटणाला वर ढकलते. डाव्या हाताने बटणे, उजव्या हातात पिक, म्हणजे तार छेडायची छोटी पट्टी. स्वराच्या तारा सहसा दोन आणि दोन्ही एकाच स्वरात लावलेल्या, शेजारी षड्ज-पंचमात वाजत राहणाऱ्या साथीच्या तारा. माझ्याकडे काकांनी वापरलेले एक जुने वाद्य आहे, त्याच्या बटणांवर कागदाचे गोल तुकडे चिकटवून त्यावर आकडे लिहिलेले आहेत आणि ज्या दोन बटणांच्या स्प्रिंगा पावसाळ्यात गंजून तुटल्या, त्यांना काकांनी पैशांच्या गड्डीला लावतात तसले रबर बांधलेले आहे. ते रबर अजूनही काम करते. यावरून एवढे लक्षात यावे, की या वाद्यातला निम्मा भाग संगीताचा असला तरी उरलेला निम्मा यंत्राचा आहे.

हा संकर जपानमध्ये झाला. नागोया शहरातल्या मोरिता गोरो या वादकाने १९१२ मध्ये, म्हणजे सम्राट तायशोची कारकीर्द सुरू झाली त्याच वर्षी, दोन तारांच्या ‘निगेनकिन’ या जुन्या वाद्याला टाइपरायटरसारखी बटणे बसवली. परदेश दौऱ्यात त्याने टाइपरायटर पाहिला होता. नव्या वाद्याला नाव मिळाले ‘तायशोगोतो’, म्हणजे तायशो काळातला कोतो. (जपानीत जोडशब्दाच्या उत्तरपदातला ‘क’ बऱ्याचदा ‘ग’ होतो, म्हणून कोतोचा गोतो. आपल्याला ‘वाक्’ आणि ‘ईश’ यांचा ‘वागीश’ आठवायला हरकत नाही, नियम मात्र वेगळे आहेत.) आता गंमत पाहा. खरा कोतो हे तेरा तारांचे, माणसाएवढे लांब, सरकत्या घोड्यांचे (तारांखालच्या आधारांचे) दरबारी परंपरेचे वाद्य आहे. त्याचे आणि या बटणांच्या खोक्याचे साम्य एवढेच, की दोन्ही आडवी ठेवून वाजवतात. तायशो युग १९२६ मध्ये संपले, पण नाव राहिले. म्हणजे जन्मगावीसुद्धा या वाद्याने आपले नाव एका प्रतिष्ठित शेजाऱ्याकडून उसने घेतले होते.

पुढे ते जिथे जिथे गेले, तिथे हेच झाले. स्वस्त, हलके, स्वरज्ञान बेताचे असणाऱ्यालाही तासाभरात चाल काढता येईल असे वाद्य असल्यामुळे दोन महायुद्धांच्या मधल्या काळात ते जपानी मालाबरोबर आशिया-आफ्रिकेच्या बंदरांत पोचले. केनियाच्या किनाऱ्यावर, मोंबासाच्या तारब नावाच्या स्थानिक संगीतात, त्याने आपले जपानी नाव ‘तायशोकोतो’ टिकवले, हा अपवाद. इंडोनेशियातल्या बाली बेटावर त्याला चक्क ‘मँडोलिन’ म्हणतात. बलुचिस्तानात आणि कराचीत ते ‘बेंजू’ झाले, आकाराने चांगलेच मोठे झाले, आणि बिलावल बेल्जियम यांच्यासारख्या वादकांनी त्याला बलुची लोकसंगीतातले मानाचे वाद्य करून टाकले. आपल्याकडे ‘बेंजो’. म्हणजे बाली बेटावरच्या माणसाला मँडोलिन दिसले आणि अरबी समुद्राच्या किनाऱ्यावरच्या माणसाला बँजो दिसला, वाद्य एकच. ज्याला जे पाश्चात्त्य तंतुवाद्य नावाने ठाऊक होते, त्याने ते नाव याला लावले.

बँजोच का, याबद्दल माझे मत असे आहे की कारण आवाजात आहे, आकारात नाही. अमेरिकी बँजोचा स्वर ताणलेल्या पडद्यावरून उमटतो, त्यामुळे तो कोरडा, टणत्कारयुक्त असतो आणि लवकर विझतो. म्हणून वादकाला एकामागून एक भरभर आघात करावे लागतात. बटणाखालची तारही अशीच कोरडी वाजते, तिचा स्वर लांबत नाही, आणि लांब स्वर हवा असेल तर पिक वरखाली वेगाने चालवून तो भरून काढावा लागतो. डोळे मिटून ऐकले तर दोघांत नाते जाणवते. डोळे उघडले तर काहीच नाही : अमेरिकी बँजोला दांडी आहे, गोल कडे आहे, त्यावर ताणलेला पडदा आहे, आणि पाच तारांच्या प्रकारात अंगठ्याने वाजवायची एक आखूड तार आहे. वाद्यशास्त्राच्या वर्गीकरणातही तो दांडीच्या वाद्यांत बसतो, तर आपला बेंजो संतूर-स्वरमंडळाच्या, म्हणजे बिनदांडीच्या, कुळातला. आणि त्या बँजोची तरी मूळ कथा अमेरिकेतली कुठे आहे? गुलाम म्हणून नेलेल्या आफ्रिकी लोकांनी भोपळ्याच्या तुंब्याचे वाद्य तिकडे उभे केले. पुढे अमेरिकेचे अध्यक्ष झालेले थॉमस जेफरसन यांनी १७८१ च्या सुमारास व्हर्जिनियाविषयी लिहिताना ‘बँजार’ असा त्याचा उल्लेख केला आहे आणि ते आफ्रिकेतून आले असे स्वच्छ म्हटले आहे. नाव आणि वाद्य दोन्ही प्रवासीच.

इथे एक फरक लक्षात घ्यावा. इंग्रजीत बँजोपासून संकरित वाद्यांची जी नावे झाली, ती हिशेबाने झाली. ‘बँजोलेले’ म्हटले की अंग बँजोचे आणि दांडी व सुरावट युकुलेले या छोट्या गिटारसारख्या वाद्याची. नाव ऐकूनच जोडणी कळते. ‘बेंजो’ तसा जोडशब्द नाही. त्यात बँजोचा एकही अवयव नाही, फक्त कानाला वाटलेले साम्य आहे.

आता ‘बुलबुल तरंग’, म्हणजे याच वाद्याचे दुसरे नाव. हे नाव छान आहे, पुस्तकी आहे, आणि तितकेच दिशाभूल करणारे आहे. जलतरंग, काष्ठतरंग, तबलातरंग या शब्दांत ‘तरंग’ म्हणजे वेगवेगळ्या स्वरांच्या वस्तू ओळीने मांडून केलेले वाद्य, आणि पहिले पद ती वस्तू कोणती ते सांगते : पाण्याच्या वाट्या, लाकडाच्या पट्ट्या, तबले. त्या न्यायाने बुलबुल तरंग म्हणजे ओळीने बसवलेले बुलबुल. अर्थात तसे कोणाला म्हणायचे नव्हते. बुलबुलाच्या गाण्याच्या लहरी, असा काव्यमय अर्थ घ्यायचा आहे. शिवाय फारसी कवितेतला बुलबुल म्हणजे नाइटिंगेल, आपल्या अंगणातल्या जास्वंदीवर बसतो तो शेंडीवाला पक्षी वेगळा. तरीही या नावाबद्दल एक गोष्ट मान्य केली पाहिजे, की या वाद्याला आजवर मिळालेल्या सगळ्या नावांत उसने नसलेले, त्याच्यासाठीच घडवलेले हे मला ठाऊक असलेले एकच नाव आहे.

व्यवहारात मात्र दोन्ही शब्दांनी कामे वाटून घेतली आहेत. दुकानात मुलांसाठी मिळते ते लहान, बिनविजेचे वाद्य बुलबुल तरंग. तारेचा आवाज विजेवर उचलणारा पिकअप बसवलेले, अ‍ॅम्प्लिफायरला जोडलेले, विसर्जनाच्या मिरवणुकीत ताशा-ढोल आणि ऑक्टोपॅड या विजेवरच्या तालवाद्याच्या गदारोळातून चाल वर काढणारे ते बेंजो. ते वाजवणाऱ्याला तुम्ही बुलबुल तरंगवादक म्हणालात, तर तो सभ्यपणे हसेल. मुंबईच्या कव्वाली पार्ट्यांतही हेच वाद्य साथीला असते आणि तिथेही त्याला बेंजोच म्हणतात. बटणांमुळे खरी मींड, म्हणजे एका स्वरावरून दुसऱ्यावर अखंड घसरत जाणे, निघत नाही, हा त्याच्यावरचा शास्त्रीय संगीतवाल्यांचा जुना आक्षेप आहे आणि तो खरा आहे; पण चांगला वादक आघात एकदाच करून, तार वाजत असतानाच बोटे एका बटणावरून दुसऱ्यावर अशी घसरवतो की कोळीगीतातली हेल काढलेली ओळ ओळखू येते. उत्सवाला तेवढे पुरते.

यातूनच तिसरा अर्थ आला. चाल या वाद्यावर निघते, म्हणून ढोल, ताशा, कीबोर्ड, ऑक्टोपॅड धरून सगळ्या ताफ्यालाच बेंजो पार्टी आणि पुढे नुसते बेंजो म्हणू लागले. ‘बेंजो सांगितला’, ‘बेंजो आला’, ‘बेंजो रात्री दहाला बंद झाला’ या वाक्यांत वाद्य नसते, ताफा असतो. ‘सनई-चौघडा’ किंवा ‘बँड’ हे शब्द आपण असेच वापरतो. तुमच्या कथेतल्या वाक्यात हाच अर्थ आहे आणि ‘सांगितला’ हे क्रियापद त्याची खूण आहे, कारण वाद्य कोणी सांगत नाही, सुपारी देऊन माणसे सांगतात. एखाद्या पार्टीत खरे वाद्य जाऊन सगळी चाल कीबोर्डवरच वाजत असली, तरी तिला बेंजो पार्टीच म्हणतात, हे मी दोन-तीन ठिकाणी पाहिले आहे.

म्हणून ‘हा शब्द चुकीचा आहे’ या म्हणण्याला माझा विरोध आहे. वारकऱ्यांच्या दिंडीत वीणेकऱ्याच्या गळ्यात असते ती वीणा पाहा : तिच्यावर चाल वाजत नाही, ती सूर धरते, आणि कामाने ती रुद्रवीणेपेक्षा तंबोऱ्याला जवळची आहे. तिला वीणा म्हणू नका, असे पंढरपुरात जाऊन कोणी सांगणार नाही.

भाषांतरासाठी माझा सल्ला असा. त्या वाक्यात इंग्रजीत नुसते ‘बँजो’ लिहिल्यास वाचकाच्या डोळ्यांपुढे अमेरिकेतल्या केंटकी राज्यातले ओसरीवरचे वादन उभे राहील, ते टाळा. ताफा असा अर्थ असेल तिथे मिरवणुकीचा वाद्यवृंद अशा अर्थाचे शब्द योजा, आणि बेंजो हे नाव ठेवायचेच असेल तर पहिल्या उल्लेखात बटणांचे, विजेवर वाजणारे तंतुवाद्य असे अर्ध्या वाक्यात सांगून टाका. उलट दिशेने, अमेरिकी कथा मराठीत आणताना, मी ‘बँजो’ असे लिहितो आणि आपल्यासाठी ‘बेंजो’ राखून ठेवतो. हा नियम कोणी घालून दिलेला नाही, छापील मजकुरात दोन्ही रूपे दोन्ही अर्थांनी दिसतात, पण एकाच पुस्तकात हा भेद पाळला तर वाचकाला मदत होते.

राहिला तुमचा व्याकरणाचा उपप्रश्न, की ‘बेंजो’चे लिंग कोणते आणि तो शब्द चालवायचा कसा. शब्द पुल्लिंगी आहे : बेंजो वाजला, बेंजो चांगला लागला आहे. अनेकवचनात बदलत नाही आणि ‘फोटो’सारखाच सामान्यरूपातही तसाच राहतो : दोन बेंजो, बेंजोला, बेंजोवर. वाजवणाऱ्यासाठी ‘बेंजोवाला’ हा रोजचा शब्द आहे. निमंत्रणपत्रिकेत आणि स्टेजवरच्या घोषणेत ‘बेंजोवादक’ म्हणतात. तुमच्या कथेत तो माणूस हळदीच्या मांडवात जेवायला बसलेला असेल, तर बेंजोवालाच ठेवा.