बाशिंगाची वाळकी पानं

प्रश्न : जुलैत आम्ही आंबोलीला गेलो होतो. रस्त्याकडेला पडलेल्या फांदीवर नेच्याचं (फर्नचं) एक झुडूप दिसलं, ते पिशवीत घालून आणलं. काळी माती, शेणखत घालून कुंडीत लावलं, रोज पाणी घालते. बुडाशी कागदासारखी तपकिरी पानं येतात. मी ती कापते, पण नवीन आलेलं पानही लगेच वाळतं. आता मधला केसाळ कंदही मऊ लागतोय. काय चुकतंय?
— एक वाचक, जुळे सोलापूर

उत्तर : ताई, तुम्ही त्याला मायेनं मातीत पुरलंत आणि त्याचं जेवणाचं ताट रोज उचलून नेलंत.

वर्णनावरून हे बाशिंग दिसतंय. शास्त्रीय नाव ड्रायनारिया क्वर्सिफोलिया, म्हणजे ओकच्या पानासारखी पानं असलेला. आपल्या लोकांनी ओक कुठे पाहिला होता? त्यांना नवरदेवाच्या कपाळावरचं बाशिंग आठवलं. आपल्या सिद्धेश्वराच्या गड्ड्याच्या यात्रेत नंदीध्वजांना, म्हणजे मिरवणुकीतल्या त्या उंच काठ्यांना, बांधतात, तेच. झाडाच्या खोडाला हा नेचा असाच बांधल्यासारखा दिसतो.

याला दोन तऱ्हेची पानं येतात. एक लांब, देठाची, खोल कातरलेली हिरवी. अन्न तयार करणं आणि पाठीवर बीजाणूंचे ठिपके धरणं हे तिचं काम. दुसरी बिनदेठाची, आखूड, खोडाला चिकटून बसणारी. ती थोडेच दिवस हिरवी असतात, मग तपकिरी होतात आणि तशीच राहतात. तुम्ही कापत होतात ती हीच.

मी कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवायचे तेव्हा एकदा डिसेंबरात पोरांना घेऊन आंबोलीला गेले होते. एकानं आंब्याच्या खोडावरचा ‘कचरा’ म्हणून असलं एक पान ओढून काढलं. आत मूठभर काळा, भुसभुशीत पाचोळा निघाला, भुंग्याचा एक पंख आणि एक घोण. घोण बघून पोरगं चार पावलं मागे. मी त्या पाचोळ्यात बोट घातलं तर आत ओल होती. पाऊस थांबून कितीतरी दिवस झाले होते आणि बाहेरचं खोड कोरडं ठणठणीत. बाशिंग झाडाला चिकटतं, पण बांडगुळासारखं त्याचा रस पीत नाही. वरून गळणारी पानं, धूळ, किड्यांची विष्ठा या वाळक्या पानांच्या ओंजळीत साठते, कुजते आणि मुळं त्यात शिरतात. स्वतःची माती ते स्वतःच जमवतं.

म्हणून कुंडीतली माती आजच काढा. आपली काळी माती पाणी धरून ठेवते आणि हा कंद पुरला की सडतो. त्याला उघडं, वारं लागेल असं राहायचं असतं. मऊ झालेला भाग धारदार चाकूनं काढून टाका आणि एक दिवस सावलीत सुकू द्या. अंगणात आंबा किंवा कडुनिंब असेल तर खोडाच्या उत्तरेकडच्या बाजूला, नाहीतर नारळाच्या सोडणावर, सुतळीनं सैलसर बांधा. मागे मूठभर कुजका पाचोळा. पाणी शिंपडायचं, ओतायचं नाही. बोअरचं नको, पानांवर पांढरे डाग पडतात. नळाचं भरून ठेवलेलं घ्या, चार दिवसांचं असलं तरी चालतं.

आंबोलीत वर्षाला सात हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस, आपल्याकडे जेमतेम साडेपाचशे. तरी मला आशा आहे, कारण जंगलातसुद्धा हे झाड उन्हाळा कोरडाच काढतं. लांब हिरवी पानं गळून नुसत्या शिरा उरतील, तेव्हा मेलं म्हणून फेकू नका. पहिला दमदार पाऊस पडेपर्यंत वाट बघा.

एक मात्र रागावून सांगते. राखीव जंगलातून काहीही उचलणं कायद्यानं गुन्हा आहे, पडलेली फांदीसुद्धा. पुढच्या वेळी फोटो आणा.

प्रश्न : सोलापूरच्या बाजूला आपोआप उगवणारा नेचा आहे का? आमच्या सरांनी शोधून आणायला सांगितलाय.
— नववीतला विद्यार्थी, मोहोळ

उत्तर : आहे, पण आणू नकोस, सरांनाच तिथे घेऊन जा. जुन्या दगडी भिंतींच्या फटींत मोरपंखी बघ. वीतभरही नसते, पान ताडाच्या छोट्या पंख्यासारखं. उन्हात मिटून वाळून जाते आणि पाऊस पडला की पुन्हा उलगडते. दुसरा हंसराज, जुन्या दगडी विहिरींच्या आत सापडेल, काळ्या चकचकीत देठाचा. त्याच्या पानावर पाणी टाकून बघ, थेंब घसरून जातो.

हंसराज विहिरीतच का, असं सर विचारतील. नेच्याला फूल नाही, बी नाही. बीजाणू रुजून आधी नखाएवढा हिरवा पापुद्रा होतो. त्यावरच्या नरपेशी पोहत स्त्रीपेशीपर्यंत जातात, तेव्हा नवं रोप. पोहायला पाण्याचा पातळ थर तरी हवाच, आणि आपल्या भागात तो बाराही महिने मिळणार कुठे?

माझ्या मामांच्या शेतातली दगडी विहीर लहानपणी हंसराजानं भरलेली असायची. मग तिला आतून सिमेंट केलं. आता मोटारीचा पाइप गळतो तिथे एक झुबका उरलाय. मामेभाऊ दरवर्षी म्हणतो, पाइप बदलायचाय. मी दरवर्षी म्हणते, राहू दे की रे एवढ्यात.